थॉमस मोरानची चित्रे जळगावात छापून घेताना: एका छपाई व फ्रेमिंग सेवेचे परीक्षण

जळगावच्या बाजारपेठेत छपाई आणि फ्रेमिंग ही दोन्ही कामे एकाच ठिकाणी करणारे एक जुने दुकान आहे. लग्नाचे अल्बम, घरातील थोरामोठ्यांच्या तसबिरी आणि सत्काराची मानपत्रे हा त्यांचा मूळ व्यवसाय. मात्र अलीकडे तेथे मोठ्या रोलच्या यंत्रावर, पिगमेंट शाईने (रंगकणांच्या टिकाऊ शाईने) आणि जाड सुती कागदावर चित्रांच्या प्रतीही काढून मिळू लागल्या आहेत. आमच्या शाळेच्या चित्रकला वर्गासाठी थॉमस मोरान या अमेरिकन निसर्गचित्रकाराच्या चार चित्रांच्या प्रती मी या दुकानातून फ्रेमसह करवून घेतल्या. खान्देशात असे काम करवून घेऊ इच्छिणाऱ्या शाळा, वाचनालये आणि घरे आता बरीच असतील, म्हणून हे परीक्षण थोडे विस्ताराने लिहीत आहे. निर्णय आधीच सांगतो: कागदावरील छपाई आणि फ्रेमचे काम मनापासून शिफारस करावी असे आहे, कॅनव्हासवरील छपाई मात्र निदान या चित्रकारासाठी तरी घेऊ नये.

मोरानच का, हे सांगितल्याशिवाय छपाईचे मोजमाप करता येणार नाही. हा माणूस मुळात छपाईच्या धंद्यातून वर आलेला होता. 1837 साली इंग्लंडमधील बोल्टन या गावी, हातमागावर पोट असलेल्या विणकर कुटुंबात त्याचा जन्म झाला. यंत्रमागांनी हातमागाचे काम हिरावून घेतले आणि 1844 मध्ये हे कुटुंब अमेरिकेत जाऊन फिलाडेल्फियाच्या परिसरात स्थायिक झाले. धुळे आणि अमळनेर येथे गिरण्यांच्या भोंग्यावर वाढलेल्या आणि पुढे त्या भोंग्यांचे बंद होणेही पाहिलेल्या पिढीला या स्थलांतराचे कारण वेगळे समजावून सांगावे लागणार नाही. वयाच्या सोळाव्या वर्षाच्या सुमारास थॉमस एका लाकूड-खोदकामाच्या छापखान्यात उमेदवारीला लागला. त्या काळी मासिकांतील चित्रे कठीण लाकडाच्या ठोकळ्यावर उलटी कोरून छापली जात. रेषेची जाडी किंचित चुकली तरी छापलेल्या पानावर आभाळ काळे पडते किंवा पाणी दगडासारखे दिसते, हे शिक्षण त्याला कुंचल्याच्या आधी मिळाले. उमेदवारी पूर्ण न करताच तो थोरला भाऊ एडवर्ड याच्या चित्रशाळेत गेला. एडवर्ड स्वतः समुद्रचित्रे काढत असे. 1862 मध्ये दोघे भाऊ लंडनला गेले आणि थॉमसने इंग्लिश निसर्गचित्रकार टर्नर याच्या चित्रांसमोर बसून त्यांच्या नकला केल्या. प्रकाश हाच चित्राचा खरा विषय असतो आणि डोंगर, पाणी, धुके ही त्याची निमित्ते असतात, ही टर्नरची दृष्टी मोरानने आयुष्यभर जपली.

अशा चित्रकाराची प्रत काढताना छापणाऱ्याची सर्वांत मोठी कसोटी पिवळ्या रंगात लागते, आणि तेथेच या दुकानाने माझा विश्वास मिळवला. त्यासाठी 1871 सालाकडे जावे लागेल. त्या वर्षी एका मासिकासाठी अमेरिकेच्या पश्चिम भागातील यलोस्टोन या प्रदेशावरील लेखाची चित्रे तयार करण्याचे काम मोरानकडे आले. त्याने तो प्रदेश पाहिलेला नव्हता. तेथे जाऊन आलेल्या लोकांच्या ओबडधोबड रेखाटनांवरून त्याला चित्रे रचावी लागली. त्याच उन्हाळ्यात भूगर्भशास्त्रज्ञ फर्डिनंड हेडन यांची सरकारी सर्वेक्षण तुकडी यलोस्टोनकडे निघाली, तेव्हा मोरानने रेल्वेचे भांडवलदार जे कुक आणि त्या मासिकाचे प्रकाशक यांच्याकडून प्रत्येकी 500 डॉलर उसने घेतले आणि तो तुकडीला जाऊन मिळाला. शरीराने किडकिडीत, घोड्यावर बसण्याची सवय नाही, म्हणून खोगिरावर उशी घालून तो प्रवास करी. छायाचित्रकार विल्यम हेन्री जॅक्सन त्याच्या सोबत होता. जॅक्सनची छायाचित्रे अर्थातच रंगहीन होती; यलोस्टोन नदीच्या दरीचे कडे पिवळे, गेरूच्या रंगाचे, गुलाबी आणि मधूनच पांढरे आहेत, हे दाखविण्याचे काम मोरानच्या छोट्या जलरंगांनी केले. यलोस्टोनला राष्ट्रीय उद्यानाचा दर्जा देण्यासाठी अमेरिकन काँग्रेसच्या, म्हणजे तेथील संसदेच्या, सभासदांची मने वळवली जात असताना ही छायाचित्रे आणि ही जलरंगचित्रे त्यांच्यापुढे ठेवली गेली. 1 मार्च 1872 रोजी राष्ट्राध्यक्ष ग्रँट यांनी कायद्यावर सही केली. त्याच वर्षी मोरानने ‘ग्रँड कॅन्यन ऑफ द यलोस्टोन’ हे सात फूट उंच आणि बारा फूट रुंद तैलचित्र पूर्ण केले आणि अमेरिकन काँग्रेसने ते 10,000 डॉलरना विकत घेतले.

माझी पहिली प्रत याच चित्राची आहे. या दरीतील पिवळेपणा खडकातून आलेला आहे. गरम पाणी आणि वाफ यांनी ज्वालामुखीचा खडक शतकानुशतके मुरवला, त्यातील लोहाचे रूपांतर होत गेले आणि कड्यांना हे रंग चढले. आमचा अजिंठ्याचा किंवा पाटणादेवीचा डोंगरही ज्वालामुखीतूनच आलेला, पण काळ्या बेसाल्टचा. त्यामुळे येथील मुलांच्या डोळ्यांना कडा म्हणजे काळाच, अशी सवय असते. छपाईच्या यंत्रालाही बहुधा तशीच सवय असावी. पहिल्या नमुना-पट्टीवर तो पिवळा केशरीकडे झुकला होता आणि सावल्यांतील निळसर जांभळा रंग सपाट काळा झाला होता. बहुतेक ठिकाणी येथेच काम संपते, कारण ग्राहक पडद्यावरील चित्र आणि कागदावरील चित्र शेजारी ठेवून पाहत नाही. या दुकानातील छपाई सांभाळणारे गृहस्थ मात्र स्वतःहून म्हणाले, “सर, एवढा पिवळा खरंच आहे का? मी इतका पिवळा काढला तर लोक म्हणतील, शाई बिघडली.” मी त्यांना त्या खडकाची हकिगत सांगितली. त्यानंतर त्यांनी संगणकावरील ‘आपोआप सुधारणा’ पूर्ण बंद केली, त्या विशिष्ट कागदावर रंग कसे उतरतात हे यंत्राला सांगणारी रंगसारणी निवडली आणि धबधब्याची वाफ, उजवीकडचा उजळ कडा व पुढची गडद झाडे अशा तीन भागांच्या अरुंद पट्ट्या पुन्हा काढून दिल्या. पट्ट्या दिव्याखाली न पाहता दुकानाबाहेर उन्हात नेऊन पाहायच्या, हा त्यांचा आग्रह मला फार आवडला. अंतिम प्रतीत पिवळ्याच्या निदान पाच-सहा छटा वेगवेगळ्या ओळखू येतात आणि सावलीतील निळाही जिवंत राहिला आहे.

आकाराच्या बाबतीत त्यांनी दाखविलेला प्रामाणिकपणाही नोंदवायला हवा. त्यांच्या यंत्रावर 44 इंच रुंदीचा रोल चढतो, म्हणजे मूळ चित्राच्या निम्म्या मापाची, साडेतीन फूट उंच आणि सहा फूट रुंद अशी प्रत काढणे यंत्राला शक्य होते, आणि माझी इच्छाही तीच होती. त्यांनी फाइल उघडून हिशेब मांडला: सहा फूट म्हणजे 72 इंच, इंचाला किमान 150 ठिपके धरले तरी लांब बाजूला 10,800 पिक्सेल हवेत, आणि आमच्या फाइलमध्ये तेवढे नव्हते. ताणून छापल्यास दुरून बरे दिसेल, जवळ गेल्यावर झाडांची पाने विरघळलेली दिसतील, असे त्यांनी स्पष्ट सांगितले. मोठी प्रत म्हणजे मोठे बिल, हे ठाऊक असूनही त्यांनी चार फूट रुंदीवर थांबण्याचा सल्ला दिला. तो योग्य ठरला. या चित्रात समोरच्या खडकावर चिमुकली माणसे उभी आहेत, त्यांत एक मूलनिवासी आहे. त्यांच्यामुळेच दरीची खोली नजरेला कळते. चार फुटांच्या प्रतीत ती माणसे मुंगीएवढी झाली आहेत, तरी माणसे म्हणून ओळखू येतात. आमच्या वर्गातील मुले आधी ती शोधतात आणि मग दरीकडे पाहतात. चित्र पाहण्याचा हाच क्रम मोरानला अभिप्रेत असावा, असे मला वाटते.

दुसरी प्रत यलोस्टोनमधीलच गार्डिनर नदीच्या उष्ण झऱ्यांची आहे. हे चित्र मुळातच छापील आहे. बोस्टनचा मुद्रक लुई प्रँग याने 1876 मध्ये मोरानच्या जलरंगांवरून 15 रंगीत शिळाछापांचा संच काढला, त्याला मजकूर हेडन यांचा होता. शिळाछापात प्रत्येक रंगासाठी वेगळा दगड लागतो, एका चित्रासाठी अनेक दगड एकावर एक अचूक बसवावे लागतात, आणि जलरंगाचा ओलसरपणा दगडावरून कागदावर उतरवणे हे तर फारच अवघड. अमेरिकेतील रंगीत छपाईच्या इतिहासात या संचाचे स्थान फार वरचे आहे. दुकानाने येथे एक चांगला प्रश्न विचारला: कडेला कागद पिवळसर पडला आहे, तो पांढरा करून देऊ का? मी नको म्हटले आणि त्यांनी तसाच ठेवला. जुन्या छापील कागदाचे वय पुसून टाकले की चित्रातील सर्व रंगांचा तोल जातो. पांढऱ्या, पायऱ्यापायऱ्यांच्या चुनखडीच्या कुंडांमधील निळे पाणी या प्रतीत इतके स्वच्छ आले आहे की, चोपडा तालुक्यातील उनपदेवचा गरम पाण्याचा झरा पाहिलेल्या मुलांनी लगेच ‘येथे हात भाजतो का’ अशी चौकशी केली. त्या प्रश्नावर भूगोलाचा एक पूर्ण तास झाला.

प्रतींना कमी लेखणाऱ्यांशी माझे जुने मतभेद आहेत, आणि खान्देशात तरी प्रतीला कमी लेखू नये. अजिंठ्याच्या भित्तिचित्रांच्या तैलरंगातील नकला करण्यासाठी 1844 पासून लेण्यांच्या परिसरात आयुष्य घालवलेले मेजर रॉबर्ट गिल 1879 साली वारले आणि त्यांची कबर भुसावळला आहे. त्यांच्या बहुतेक नकला 1866 मध्ये लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमधील आगीत जळाल्या. पुढे 1872 पासून, म्हणजे मोरानचे चित्र पूर्ण झाले त्याच वर्षापासून, मुंबईच्या जे. जे. कलाशाळेचे जॉन ग्रिफिथ्स आपल्या विद्यार्थ्यांना घेऊन तेच काम नव्याने करू लागले. त्यांतीलही कित्येक नकला 1885 मध्ये लंडनमध्येच आगीत नष्ट झाल्या. मूळ भिंत झिजत असताना माणसे पुन्हा पुन्हा नकलेचे काम हाती घेतात, यात नकलेचे मोल दिसते. म्हणूनच प्रत टिकाऊ असावी, हा माझा आग्रह होता. दुकानाने फ्लेक्स आणि साध्या शाईतील स्वस्त पर्यायही दाखवले, पण ते उन्हात लवकर फिके पडतात हेही सांगितले. पिगमेंट शाई आणि आम्लविरहित सुती कागद यांचा खर्च फ्लेक्सच्या कितीतरी पट होतो. शाळेसाठी तो सोसणे अवघड असते, तरी एकदाच सोसावा. लेखी अंदाजपत्रक मागितल्यावर ते मिळाले आणि अंतिम बिल त्याबाहेर गेले नाही.

तिसरे चित्र ‘ग्रीन रिव्हर क्लिफ्स, वायोमिंग’, 1881 सालचे. हे चित्र वॉशिंग्टनच्या नॅशनल गॅलरीत आहे आणि त्याची रुंदी उंचीच्या जवळजवळ अडीच पट आहे. या चित्रामागची गोष्ट मला अस्वस्थ करते आणि ती मुलांपासून लपवू नये असे माझे मत आहे. 1871 मध्ये मोरान रेल्वेतून ग्रीन रिव्हर येथे उतरला तेव्हा तेथे रेल्वेचा पूल, हॉटेल, शाळा आणि मद्याचा कारखाना असलेले गाव उभे होते. त्याने पुढे अनेक वर्षे हे कडे रंगवले आणि त्यांतून ते गाव वगळले. त्या जागी सोनेरी उजेडात घोड्यांवरून जाणारे मूलनिवासी लोक रंगवले. निसर्गाची जशीच्या तशी नक्कल करण्याला आपण किंमत देत नाही, असे तो उघडपणे सांगत असे, आणि चित्रकार म्हणून तो अधिकार त्याला होताच. परंतु जे लोक त्याने कॅनव्हासवर वैभवात दाखवले, त्याच काळात त्यांच्याच जमिनी त्यांच्या हातून जात होत्या. यलोस्टोनचा कायदा 1872 चा आणि आपल्याकडचा वन कायदा 1878 चा. सातपुड्यातील भिल्ल आणि पावरा कुटुंबांची जी मुले आमच्या वर्गात बसतात, त्यांना राखीव जंगल या शब्दामागे काय असते ते घरूनच ठाऊक असते. हे चित्र पाहून त्यांनी विचारलेले प्रश्न मी येथे लिहीत नाही, पण ते चित्राला न्याय देणारे होते. दुकानाच्या कामाबद्दल सांगायचे तर, या लांबट आकाराला त्यांनी सुचवलेली अरुंद, नक्षी नसलेली सागवानी पट्टी आणि चारी बाजूंनी सोडलेला फिक्या मातकट रंगाचा माउंट (चित्राभोवतीचा पुठ्ठ्याचा समास) अतिशय शोभून दिसतो. सोनेरी फायबरची पट्टी त्यांच्याकडे भरपूर आहे आणि बहुतेक ग्राहक तीच घेतात; या चित्रातील आभाळ स्वतःच सोनेरी असल्यामुळे ती टाळावी, असे त्यांचे म्हणणे होते आणि ते बरोबर आहे.

चौथी प्रत मी कॅनव्हासवर घेतली आणि ती समाधानकारक नाही. ‘टीटन रेंज’ हे 1897 सालचे चित्र न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात आहे. या पर्वतरांगेतील एका शिखराला हेडन यांच्या सर्वेक्षणाने ‘माउंट मोरान’ असे नाव दिले. मोरानने ही रांग 1879 मध्ये पश्चिमेकडून पाहिली आणि त्या दर्शनावरून कितीतरी वर्षांनी, साठीच्या उंबरठ्यावर असताना, हे चित्र रंगवले. दूरची हिमशिखरे, त्यांच्या पायथ्याची धूसर निळी हवा आणि पुढचे गवत यांत उजेडाचे इतके बारीक टप्पे आहेत की कॅनव्हासच्या विणीत ते अडकून पडतात. छापील कॅनव्हासची वीण ही यंत्राची एकसारखी वीण असते, त्यावर कुंचल्याचे फटकारे सपाट शाईत छापले जातात, आणि वर दिलेल्या चमकदार लेपामुळे खिडकीचे प्रतिबिंब थेट हिमशिखरांवर पडते. शिवाय कॅनव्हास लाकडी चौकटीवर गुंडाळताना चित्राची कड बाजूला वळवली गेली, त्यामुळे डावीकडचा थोडा भाग समोरून दिसतच नाही. दुकानाने हे आधी सांगायला हवे होते. तक्रार केल्यावर त्यांनी वाद न घालता तेच चित्र कागदावर सवलतीत छापून दिले. तैलचित्र म्हणजे कॅनव्हास, अशी आपली समजूत असते. प्रतीच्या बाबतीत जाड, चमक नसलेल्या पृष्ठभागाचा कागद मोरानच्या हवेला अधिक जपतो.

काचेबद्दल थोडे. साधी काच स्वस्त आहे, पण खान्देशातील वर्गखोल्यांना मोठ्या खिडक्या असतात आणि दिवसभर झळाळी असते. प्रतिबिंब न पाडणारी काच परवडत असेल तर तीच घ्यावी. मोठ्या चित्रासाठी त्यांनी वजन कमी करण्याकरिता ॲक्रिलिक शीट वापरले, ते ओरखडे पडू न देता पुसावे लागते. मागच्या बाजूस प्लायवर कागदी टेपने सर्व फटी बंद केल्या आहेत, त्यामुळे पावसाळ्यातील दमट हवा आणि झुरळे आत शिरत नाहीत. भिंतीपासून थोडे अंतर राहावे म्हणून खालच्या कोपऱ्यांना रबराच्या टिकल्या लावल्या आहेत. हे काम करणारे वयस्क कारागीर कोपऱ्याचे सांधे इतके नेमके बसवतात की, नखाने चाचपूनही फट लागत नाही. बांधणी पुठ्ठा आणि जुन्या गोधड्यांची होती आणि टेम्पोतून सर्व चित्रे सुखरूप आली. लग्नसराईत मात्र या दुकानाकडे काम टाकू नये. दिलेली तारीख पाळली जात नाही आणि नमुना-पट्ट्या पाहायला कोणालाच सवड नसते.

स्वामित्वहक्काची चौकशी दुकानाने स्वतः केली, हेही त्यांच्या बाजूने लिहायला हवे. मोरान 1926 मध्ये कॅलिफोर्नियातील सांता बार्बरा येथे वारला. भारतात चित्रकाराच्या मृत्यूनंतर 60 वर्षांपर्यंत हक्क राहतात, त्यामुळे त्याची चित्रे कधीच खुली झाली आहेत. मेट्रोपॉलिटन संग्रहालयाने 2017 पासून आणि वॉशिंग्टनच्या नॅशनल गॅलरीने त्याच्याही आधीपासून अशा खुल्या चित्रांच्या मोठ्या फाइली विनामूल्य दिल्या आहेत. जिवंत चित्रकारांची चित्रे आंतरजालावरून उतरवून छापण्यास हे दुकान नकार देते, आणि ते योग्यच करते.

मोरानचे काम या चार चित्रांत संपत नाही. 1873 मध्ये तो भूगर्भशास्त्रज्ञ जॉन वेस्ली पॉवेल यांच्याबरोबर कोलोरॅडो नदीच्या महादरीकडे (ग्रँड कॅन्यन) गेला. त्यातून आलेले ‘द कॅझम ऑफ द कोलोरॅडो’ हे चित्रही काँग्रेसने 10,000 डॉलरना घेतले. 1892 पासून सांता फे रेल्वेने त्याला महादरीचा प्रवास घडवला आणि त्याच्या चित्रांचे रंगीत छाप काढून देशभर वाटले. त्यामुळे तरुणपणी लाकडावर उलटी चित्रे कोरणारा हा माणूस म्हातारपणी प्रवाशांच्या आणि कचेऱ्यांच्या भिंतींवर छापील रूपात पोहोचला. त्याची पत्नी मेरी निमो मोरान हिची अम्लरेखाचित्रेही (धातूच्या पत्र्यावर आम्लाने रेषा कोरून काढलेले छाप, म्हणजे एचिंग) मला वर्गात हवी आहेत. मूळची स्कॉटलंडची ही स्त्री पतीकडूनच तंत्र शिकली आणि लंडनच्या चित्रकार-अम्लरेखाकारांच्या संस्थेच्या आरंभीच्या सभासदांमध्ये निवडली गेली. 1899 मध्ये तापात तिचा अंत झाला. तिच्या कामात रंग नाही, पण काळ्या शाईची उब आणि रेषेचा खरखरीतपणा आहे. त्यासाठी मी दुकानाकडून एक नमुना-पट्टी काढून घेतली. काळ्यात हिरवट झाक आली आहे आणि बारीक रेषा एकमेकींत मिसळल्या आहेत. केवळ काळ्या-करड्या शाईंचा वेगळा संच बसवण्याचा त्यांचा विचार आहे; तो बसेपर्यंत कृष्णधवल काम त्यांच्याकडे देऊ नये, रंगीत काम मात्र नि:शंकपणे द्यावे.